मुलीच्या सामानाची यादी

आपल्याकडे लग्न ठरलं की घरात वह्या निघतात. एका वहीत दावतीची माणसं, दुसरीत तांदूळ, मटण, तूप आणि बावर्चीचा हिशेब, तिसरीत मंडपवाल्याला दिलेली आगाऊ रक्कम. आहेराची वही तर वेगळीच असते. कोणी १०१ दिले, कोणी ५०१ दिले, कोणी स्टीलचा डबा दिला, हे सगळं नावानिशी लिहिलेलं असतं. कारण उद्या त्यांच्या घरी लग्न निघालं की तेवढंच, किंवा थोडं वाढवून, परत करायचं असतं. दहा वर्षांनीही ती वही कपाटातून बरोबर सापडते.

एकाच गोष्टीची वही नसते. मुलीला आपण काय दिलं, सासरच्यांनी तिच्या अंगावर काय घातलं, मेहेर किती ठरला आणि त्यातला किती तिच्या हातात पडला, हे कुठेच लिहिलेलं नसतं. ते सगळं आईच्या डोक्यात असतं. संसार नीट चालला तर त्याची गरजही पडत नाही. पण संसार मोडला, तर मुलगी दोन पिशव्या घेऊन माहेरी येते. मागे राहिलेल्या सामानाबद्दल तिच्याकडे सांगायला पुष्कळ असतं, दाखवायला काही नसतं.

मी शाळेत उर्दू आणि मराठी शिकवते. वकील नाही, आलिमा नाही. पण माझ्या सख्ख्या भाचीचा संसार मोडला तेव्हा कागदपत्रांचं सगळं काम माझ्याकडे आलं, कारण दोन्ही लिप्या नीट वाचणारी घरात मी एकटीच. जवळजवळ दीड वर्ष ते काम चाललं. त्यातून जे कळलं ते इतर घरांच्याही उपयोगी पडेल, म्हणून लिहिते आहे. भाचीला विचारून लिहिते आहे. नावं आणि गावं मात्र मुद्दाम गाळली आहेत.

आमचे दुल्हेभाई एस.टी.त वाहक होते. निवृत्तीनंतर भविष्य निर्वाह निधीचे पैसे आले आणि त्यातून त्यांनी २०१९ साली थोरल्या मुलीचा निकाह केला. सहा तोळे सोनं घातलं. तीन तोळ्यांचा हार, दोन तोळ्यांच्या बांगड्या आणि एक तोळ्याचे झुमके. शिवाय लोखंडी कपाट, पलंग, गाद्या, वॉशिंग मशीन, शिलाई मशीन आणि भांडीकुंडी. मुलाकडून एक तोळ्याची काळ्या मण्यांची पोत आणि दोन तोळ्यांचा सेट आला. मेहेर ५१ हजार ठरला. चार वर्षांनी, दोन्ही घरांच्या बैठका होऊनही जमलं नाही आणि तलाक झाला. कारणांत मी जात नाही. तो या लेखाचा विषय नाही.

भाची घरी आली तेव्हा तिच्या गळ्यात ती पोत होती आणि बोटात एक जुनी अंगठी. बाकी सगळं तिकडे राहिलं.

पहिले काही दिवस घरात कोणी सामानाचं नावच काढेना. आपा म्हणायची, "पोरगी सुखरूप आली, अजून काय पाहिजे?" दुल्हेभाई काहीच बोलत नव्हते. ज्या माणसाने एकतीस वर्षं तिकिटांचा पैशापैशाचा हिशेब दिला, त्याला स्वतःच्या मुलीच्या सोन्याचा हिशेब मागायची लाज वाटत होती. आपल्या समाजात ही लाज फार खोलवर आहे. देणाऱ्याने दिलेलं मागू नये, मागितलं तर लोक म्हणतील की पैशासाठी भांडतात. पण इथे दुल्हेभाई स्वतःसाठी काही परत मागत नव्हते. त्यांनी दिलं ते मुलीला दिलं होतं. दिल्या क्षणी ते मुलीचं झालं. आता ते तिच्याकडे यायला हवं की नको, एवढाच प्रश्न होता.

शरीअतमध्ये याबद्दल कुठलाही घोळ नाही. हिबा, म्हणजे बक्षीस, पूर्ण व्हायला तीन गोष्टी लागतात. देणाऱ्याने देणं, घेणाऱ्याने स्वीकारणं आणि वस्तू ताब्यात येणं. त्यानंतर मालक बदलतो. बायकोची मालमत्ता तिची, नवऱ्याची त्याची. लग्नामुळे दोघांची मिळकत एक होत नाही. नवऱ्याने बायकोला दिलेलं बक्षीस हनफी मतानुसार परत मागता येत नाही. सूरह निसाच्या २०व्या आयतीत तर पुरुषांना स्पष्ट बजावलं आहे की एका पत्नीच्या जागी दुसरी आणायची असली आणि पहिलीला ढीगभर संपत्ती दिलेली असली, तरी त्यातलं काही परत घेऊ नका. सूरह बकराच्या २२९व्या आयतीतही हाच हुकूम आहे. तिथे एक अपवाद सांगितला आहे तो खुलाचा, जेव्हा बायको स्वतः सुटका मागते आणि त्या बदल्यात काही देते.

खुलाबद्दलही एक गैरसमज आपल्याकडे पसरलेला आहे. बाईने खुला मागितला म्हणजे तिने सगळं सोडून यायचं, असं सर्रास सांगितलं जातं. खुलामध्ये परत करण्याची गोष्ट निघते ती नवऱ्याने दिलेल्या मेहेरची. तिच्या बापाने तिला घातलेल्या बांगड्या आणि तिच्या मामाने दिलेलं शिलाई मशीन नवऱ्याने दिलेलंच नाही, तर ते त्याला 'परत' कसं करणार? आणि चूक नवऱ्याची असेल तर त्याने खुलाच्या बदल्यात काही घेणं हनफी उलमांनी मकरूह मानलं आहे. भाचीचं प्रकरण खुलाचं नव्हतं, तरी बैठकीत दोघा-तिघांनी हेच ऐकवलं, म्हणून इथे लिहिलं.

तर आम्ही यादी करायला बसलो. भाची इद्दतमध्ये होती. शाळा सुटली की मी तिच्याकडे जायची. चार रकाने आखले. वस्तू काय, कोणी दिली, पुरावा काय, आणि आता कुठे आहे. पहिल्या दिवशी चौदा वस्तू आठवल्या. आठवडा संपला तेव्हा त्रेसष्ट झाल्या होत्या. माणूस दुःखात असला की त्याला मोठ्या वस्तू आठवतात, लहान आठवत नाहीत. म्हणून आम्ही खोलीखोलीने जायला लागलो. स्वयंपाकघरात दारातून आत शिरल्यावर डाव्या हाताला काय होतं? कपाटाच्या वरच्या कप्प्यात काय होतं? असं विचारलं की एकेक वस्तू बाहेर यायची. एकदा ती रडली ती सोन्यासाठी नाही. बारावीची गुणपत्रिका आणि डी.एड.चं प्रमाणपत्र त्या कपाटात राहिलं होतं, ते आठवून. आम्ही यादीत पहिला क्रमांक त्यांनाच दिला.

पुरावा हा रकाना सुरुवातीला रिकामाच होता. मग तो हळूहळू भरत गेला. सराफाकडे गेलो, त्याच्या पावतीपुस्तकात दुल्हेभाईंचं नाव, तारीख आणि वजन सापडलं. त्याने दुसरी प्रत काढून दिली. वॉशिंग मशीनचं वॉरंटी कार्ड दुकानाच्या शिक्क्यासह आपाच्या ट्रंकेत निघालं. लग्नाच्या फोटोंत हार आणि बांगड्या स्पष्ट दिसत होत्या. व्हिडिओत सासूबाई सगळ्यांसमोर सेट घालताना दिसत होत्या. पलंग आणि कपाटाचे पैसे बँकेतून गेले होते, त्यामुळे पासबुकात नोंद होती. आणि भांडी! आपल्या महाराष्ट्रात भांड्यावर नाव घालायची जी पद्धत आहे, तिने फार काम केलं. कोणी दिलं, कोणाला दिलं आणि तारीख, हे सगळं भांड्यावर कोरलेलं असतं.

सोन्याच्या बाबतीत आता एक सोय झाली आहे. २०२१पासून हॉलमार्कच्या दागिन्यावर सहा अक्षर-अंकांचा एक वेगळा क्रमांक असतो. त्याला एच.यू.आय.डी. म्हणतात. प्रत्येक दागिन्याचा क्रमांक वेगळा. १ एप्रिल २०२३पासून जिथे हॉलमार्क सक्तीचा आहे तिथे या क्रमांकाशिवाय दागिना विकता येत नाही. भाचीचे दागिने त्याआधीचे, त्यामुळे तिला त्याचा उपयोग झाला नाही. पण आता लग्नं करणाऱ्यांनी तो क्रमांक पावतीसह लिहून ठेवावा. दागिना कोणाचा, हा वाद त्याने बराच कमी होतो.

मेहेरचा प्रश्न आला तेव्हा माझं उर्दू कामी आलं. निकाहनाम्याची जी मराठी प्रत आमच्याकडे होती, तिच्यात 'मेहेर ५१,००० रुपये, मुअज्जल' असं लिहिलं होतं. मुलाकडच्यांचं म्हणणं, मुअज्जल म्हणजे रोख, तो निकाहच्या वेळीच दिला. भाची म्हणत होती की एक रुपयाही मिळाला नाही. दोन्ही बाजू एकाच शब्दावर बोट ठेवत होत्या, आणि देवनागरीत पाहिलं तर दोन्ही बाजू बरोबर होत्या. कारण हे मुळात दोन शब्द आहेत. एक 'ऐन'ने लिहितात. त्याचं नातं 'उजलत'शी, म्हणजे घाईशी. त्याचा अर्थ लगेच द्यायचा मेहेर. दुसरा 'वाव'वर हमजा देऊन लिहितात. त्याचं नातं 'अजल'शी, म्हणजे मुदतीशी. त्याचा अर्थ नंतर द्यायचा मेहेर. मराठीत लिहिताना दोन्हींचं 'मुअज्जल' होतं. काझीसाहेबांकडच्या मूळ उर्दू नोंदवहीत पाहिलं तेव्हा तिथे स्वच्छ हमजा होता. म्हणजे मेहेर बाकी होता. काझीसाहेबांनी त्या पानाची सही-शिक्क्याची प्रत दिली आणि वाद तिथेच मिटला.

एका हमजावर ५१ हजार रुपये अडले होते. प्रत्येक घरात उर्दूचा मास्तर नसतो. म्हणून निकाहनामा मराठीत भरताना 'मुअज्जल' एवढंच लिहू नका. 'पूर्ण रक्कम निकाहच्या वेळी वधूला दिली' किंवा 'एवढी दिली, एवढी बाकी' असं साध्या मराठीत लिहून घ्या.

इद्दत संपत आली तशी जमातीच्या बुजुर्गांनी बैठक बोलावली. ही माणसं वाईट नव्हती. भांडण लवकर मिटावं, दोन्ही मुलं पुढे जावीत, एवढंच त्यांच्या मनात होतं. त्यांनी स्टॅम्प पेपरवर फारकतनामा तयार करून आणला होता. त्यातलं एक वाक्य असं होतं की दोन्ही पक्षांचं एकमेकांकडे काहीही येणं-देणं राहिलेलं नाही. खाली सहीसाठी जागा.

एक बुजुर्ग भाचीला म्हणाले, "बेटा, सामानाचं काय घेऊन बसलीस? नसीब पुढे आहे."

भाची म्हणाली, "चाचा, मी सोडून देईनही. पण काय काय सोडते आहे ते आधी वाचून तरी दाखवा. त्यात काहीच लिहिलेलं नाही."

बैठकीत थोडा वेळ कोणी बोललं नाही. मग मी यादी पुढे ठेवली.

मला वाटतं, सगळा विषय तिच्या त्या उत्तरात आला. सूरह निसाच्या चौथ्या आयतीत मेहेर खुशीने देण्याचा हुकूम आहे आणि त्यातलं काही बायकोने आपल्या मर्जीने सोडलं तर ते घ्यायला हरकत नाही, असंही आहे. पण मर्जीने सोडायचं असेल तर आपल्या हक्काचं काय आहे हे आधी माहीत पाहिजे. किती तोळे, किती रुपये, कोणत्या वस्तू, हे न सांगता 'काहीही येणं नाही' यावर सही घेणं म्हणजे मर्जी नाही. ती थकलेल्या मुलीची सही असते. माझ्या ओळखीतल्या किती तरी बायकांनी अशी सही केली आहे, आणि नंतर कुठेही गेल्या तर तोच कागद त्यांच्यापुढे धरला गेला आहे.

बैठकीत ठरलं की यादीप्रमाणे सामान परत करायचं. ठरलं, पण तीन महिने काही आलं नाही. फोन उचलणं बंद झालं. जमातीचे बुजुर्गही थकले. "आम्ही सांगू शकतो, लावू शकत नाही," असं त्यांनी प्रामाणिकपणे कबूल केलं. ते खरंच आहे. दारुल कझाच्या निर्णयाबद्दलही सर्वोच्च न्यायालयाने २०१४मध्ये हेच सांगितलं की दोघांनी मानला तर चांगलं, पण सक्तीने तो लागू करता येत नाही. सलोखा करायला ही माणसं हवीतच. पण सामान अडवून ठेवणाऱ्याकडून ते काढून द्यायची ताकद त्यांच्याकडे नाही. ती न्यायालयाकडे आहे.

तेव्हा आम्ही तालुक्याच्या विधी सेवा समितीकडे गेलो. बाईला, तिची मिळकत कितीही असो, १९८७च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याने मोफत वकील मिळतो. हे पुष्कळ बायकांना माहीत नसतं. १५१०० या क्रमांकावर फोन केला तरी माहिती मिळते. आम्हाला मिळालेल्या वकील बाईंनी पहिल्यांदा विचारलं ते हेच: "काही यादी आहे का?" ती पाहून त्या म्हणाल्या की अर्धं काम झालेलं आहे.

१९८६चा मुस्लिम महिलांचा कायदा आपल्याला शहाबानो प्रकरणामुळे ऐकून माहीत असतो. तो पोटगीचा कायदा म्हणून ओळखला जातो आणि त्यावर वादही झाले. पण त्याच्या तिसऱ्या कलमात पोटगीशिवाय आणखी दोन गोष्टी आहेत. एक, न दिलेला मेहेर तलाकशुदा बाईला मिळाला पाहिजे. दुसरी, लग्नाआधी, लग्नात किंवा लग्नानंतर तिला तिच्या नातेवाइकांनी, मैत्रिणींनी, नवऱ्याने, नवऱ्याच्या नातेवाइकांनी किंवा त्याच्या मित्रांनी दिलेली सगळी मालमत्ता तिला मिळाली पाहिजे. यासाठी न्यायदंडाधिकाऱ्यांकडे अर्ज करायचा असतो. आदेश शक्यतो एका महिन्यात व्हावा, असं कायदा म्हणतो. आदेश होऊनही कोणी योग्य कारणाशिवाय पाळला नाही, तर एक वर्षापर्यंत कैद होऊ शकते. २००१मध्ये घटनापीठाने या कायद्याचा अर्थ सांगताना असंही म्हटलं की बाईच्या पुढच्या आयुष्याची वाजवी तरतूद नवऱ्याने इद्दतच्या काळातच करायला हवी.

तलाक झालेला नाही, पण मुलगी त्रासाने माहेरी आली आहे, अशी घरं जास्त आहेत. त्यांच्यासाठी २००५चा कौटुंबिक हिंसाचार कायदा आहे. त्यात न्यायदंडाधिकारी स्त्रीधन आणि तिचे महत्त्वाचे कागद परत द्यायला सांगू शकतात, आणि ते विकू नये म्हणून मनाईही करू शकतात. हा कायदा सगळ्या धर्मांच्या बायकांना लागू आहे. अर्ज भरायला संरक्षण अधिकारी मदत करतात. १९८५मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगून ठेवलं आहे की स्त्रीधन सासरच्या घरात ठेवलं म्हणून ते सासरचं होत नाही. विश्वासाने ठेवायला दिलेलं हडप केलं, तर तो फौजदारी गुन्हा होऊ शकतो.

अलीकडचं एक प्रकरण यादीचं महत्त्व सांगतं. पश्चिम बंगालमधल्या एका बहिणीचं लग्न २००५मध्ये झालं, तलाक २०११मध्ये. वडिलांनी लग्नात दिलेले सात लाख रुपये आणि तीस भरी सोनं तिने मागितलं. काझींच्या नोंदीत ते लिहिलेलं होतं, पण ते नेमकं कोणाला दिलं यावरून वाद झाला आणि कोलकाता उच्च न्यायालयात ती हरली. डिसेंबर २०२५मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो निर्णय फिरवला आणि तिला तिची मालमत्ता मिळवून दिली. हा कायदा तलाकशुदा बाईच्या सन्मानासाठी आणि तिच्या पायावर उभं राहण्यासाठी आहे, त्या नजरेने तो वाचावा, असा त्या निकालाचा रोख आहे. तलाकपासून निकालापर्यंत चौदा वर्षं गेली. 'कोणी, कोणाला, किती' ही एक ओळ स्वच्छ लिहिलेली असती तर कदाचित इतकी गेली नसती.

आमचं प्रकरण इतकं लांबलं नाही. अर्जाची नोटीस गेल्यावर फोन परत सुरू झाले आणि न्यायालयातच तडजोड झाली. ठरलेल्या दिवशी आम्ही टेम्पो घेऊन गेलो. आमच्याबरोबर वकील बाई आणि जमातीचे दोन बुजुर्ग होते. मी यादी वाचायची, बुजुर्ग वस्तू पाहायचे आणि दोन्हीकडचे लोक खूण करायचे. कोणी आवाज चढवला नाही. एका मोठ्या पातेल्यावर मात्र सासूबाई अडल्या. "हे आमचं आहे, माझ्या सासूच्या वेळचं," त्या म्हणाल्या. बुजुर्गांनी पातेलं उलटं केलं. बुडाजवळ भाचीच्या नानांचं, म्हणजे माझ्या अब्बांचं नाव आणि २०१९ची तारीख होती. सासूबाईंनी स्वतःच ते उचलून टेम्पोकडे दिलं. मला वाटतं, त्या खोटं बोलत नव्हत्या. चार वर्षं एकाच चुलीवर स्वयंपाक झाला की भांडी मिसळतात. म्हणून तर नाव घालायचं.

निघताना भाचीने बोटातली ती जुनी अंगठी काढली. ती तिच्या दादीसासूची होती. ईदला घालायला म्हणून दिलेली, नंतर बोटातच राहिलेली. कोणी मागितली नव्हती. त्यांच्या यादीतही नव्हती, कारण त्यांनी यादीच केली नव्हती. तिने ती सासूबाईंच्या हातात ठेवली आणि म्हणाली, "ही वापरायला दिली होती, माझी नाही." मग तिने माझ्याकडून पेन घेतलं आणि यादीच्या शेवटी चौसष्टावा क्रमांक लिहिला: अंगठी एक, परत केली. सासूबाईंनी त्यावर सही केली. सही करताना त्यांच्या डोळ्यांत पाणी होतं.

सगळं मिळालं का? नाही. बांगड्या आणि झुमके मिळाले. हार सोनेतारण कर्जात अडकला होता, तो सोडवून द्यायला आणखी दोन महिने लागले. मेहेर पूर्ण मिळाला. गाद्या आणि पलंगाची किंमत धरली, त्या वस्तू आणल्या नाहीत. दोन तोळ्यांच्या सेटवर मतभेद राहिला. ते म्हणत होते वापरायला दिला, आम्ही म्हणत होतो मुँहदिखाई म्हणून दिला. शेवटी भाचीने तो सोडला. पण तडजोडीत तसं लिहून घेतलं, की दोन तोळ्यांचा सेट माझा आहे असं माझं म्हणणं असून मी तो आपल्या मर्जीने सोडत आहे. तिच्या हार आणि बांगड्यांतून आता तिचं शिवणकामाचं छोटं दुकान उभं राहिलं आहे. शिलाई मशीन तेच, मामाने दिलेलं.

मुळात यादीत एवढं सामान असावंच का, असं काही वाचक विचारतील. बरोबर आहे. हुंडा मागणं हा १९६१पासून गुन्हा आहे आणि आपल्या दीनमध्ये त्याला जागा नाही. जहेजची यादी लांब करा असं मी सांगत नाही. जे काही दिलं ते लिहा, एवढंच म्हणते. हुंडाबंदी कायद्याखाली १९८५मध्ये जे नियम झाले, त्यांत लग्नातल्या भेटवस्तूंची लेखी यादी करायलाच सांगितलं आहे. वधूला मिळालेल्या वस्तूंची यादी वधूने ठेवायची, वराची वराने. वस्तू, अंदाजे किंमत, देणाऱ्याचं नाव, नातं असेल तर ते, आणि खाली दोघांच्या सह्या. चाळीस वर्षं हा नियम आहे, आणि आपल्याकडे मंडपवाल्याची पावती सांभाळतात, ही यादी करत नाहीत.

लिहायला सांगितलं की लोक म्हणतात, हा अविश्वास झाला, अपशकुन झाला. कुरआनातली सर्वांत लांब आयत कोणती, हे मी शाळेत मुलांना विचारते. ती सूरह बकराची २८२वी. नमाजबद्दल नाही, रोजाबद्दल नाही. देण्याघेण्याचा मुदतीचा व्यवहार लिहून ठेवावा, साक्षीदार घ्यावेत आणि रक्कम लहान असो की मोठी, लिहायचा कंटाळा करू नये, हा तिचा विषय आहे. नंतर द्यायचा मेहेर म्हणजे मुदतीचं कर्जच. तो नीट लिहिणं हे अल्लाहच्या हुकमाला धरूनच आहे, त्यात सोयऱ्यांवर अविश्वास कुठून आला?

गेल्या वर्षी दुल्हेभाईंनी धाकट्या मुलीचा निकाह केला. या वेळी त्यांनी फर्निचर दिलं नाही. तिच्या एकटीच्या नावावर बँकेत मुदत ठेव ठेवली आणि दोन तोळे घातलं. निकाहच्या आदल्या दिवशी यादी दोन प्रतींत लिहिली, एक मुलीसाठी, एक सोयऱ्यांसाठी. मुलाचे वडील ती वाचून म्हणाले, "आमच्याकडचंही लिहा की." मग त्यांनी स्वतः बोलून दोन दागिने लिहायला लावले आणि पुढे 'मुलीला कायमचे दिले' असं जोडलं. दोन्ही मुलांनी सह्या केल्या. दहा मिनिटांचं काम. नातं बिघडलं नाही, उलट पहिल्याच दिवशी दोन्ही घरं मोकळेपणाने बोलली.

ज्या बहिणींच्या घरी लग्न आहे, त्यांनी एवढं करावं. यादी, सह्या, सराफाच्या पावत्या, मेहेरची मराठीत स्पष्ट नोंद, आणि या सगळ्याची एक प्रत मुलीजवळ, एक माहेरी. शाळा-कॉलेजचे कागद, आधार आणि पासबुक यांच्या प्रतीही माहेरी ठेवाव्यात.

आणि ज्या बहिणी आधीच माहेरी येऊन बसल्या आहेत, ज्यांच्याकडे काहीच लिहिलेलं नाही, त्यांनी असं समजू नये की वेळ गेली. एक कागद घ्या आणि चार रकाने आखा. आठवेल तेवढं लिहा, उद्या आणखी आठवेल. पूर्ण यादी वाचून दाखवल्याशिवाय कुठल्याही फारकतनाम्यावर सही करू नका. मग त्यातलं किती मागायचं आणि किती सोडायचं, हे तुम्ही स्वतः ठरवा. अल्लाह तुमचं काम सोपं करो.